बुधाजी नाइकाचा मग

देवराव वकिलांना जगातले झाडून सगळे सेनापती पाठ होते. सिकंदर घ्या, हॅनिबल घ्या, नेपोलियन घ्या, नाव काढायचा अवकाश, वकीलसाहेब त्याच्या घोड्याच्या रंगापासून सुरुवात करत. चीनची लढाई नुकतीच होऊन गेली होती, माणसं तापलेली होती, आणि तालुक्यातालुक्यात संरक्षण दलं निघत होती. त्रेसष्ट सालच्या मे महिन्यात वकीलसाहेब अमरावतीहून दर्यापूरला आले आणि महान सेनापती कशाच्या जोरावर जिंकतात, यावर शाळेच्या मैदानात दोन तास बोलले. घारीची नजर, वाघाचं काळीज, आणखी काय काय. पुढच्या सतरंजीवरची मंडळी माना डोलवत होती.

मागे बाभळीखाली बुधाजी उभा होता. उभा, कारण बस म्हणायचं कोणाला सुचलं नव्हतं. दोन कोसांवरच्या सावळखेडचा माणूस, पन्नाशीच्या आसपासचा, कपाशीच्या वाळलेल्या पऱ्हाटीसारखा काटक. लोक त्याला नाईक म्हणत, ती त्याची फौजेतली पदवी. दुसऱ्या महायुद्धात तो आफ्रिकेच्या वाळवंटात चार वर्षं होता, आणि त्याचं काम एकच होतं, पाणी. पत्र्याच्या डब्यांतून ते आणायचं, लपवायचं, राखायचं आणि मगानं मोजून पाजायचं. त्याची बंदूक फारशी उडाली नाही, हे तो स्वतःच सांगायचा. पण त्याच्या कंपनीतला एकही माणूस तहानेनं मेला नाही, हे सांगताना त्याची मान ताठ व्हायची.

आता या माणसाला पाण्याची एवढी अक्कल आली कुठून, तर त्यासाठी आमचा मुलूख बघावा लागतो. हा खारपाणपट्टा. विहीर खणली की पाणी लागतं, पण खारं. सवय नसलेल्या माणसानं त्यातले दोन तांबे पोटात घातले की दुसऱ्या दिवशी तो लोटा घेऊन बांधाबांधानं पळतो. सावळखेडात गोड पाण्याची विहीर एकच, आणि तिच्यावर बुधाजीच्या लोकांनी पाय ठेवायचा नाही. लहानपणी तो काठापासून चार हात लांब ओंजळ धरून बसायचा. कोणाला दया आली तर ते वरून, हात उंच करून, पाणी ओतत. अर्धं तोंडावर, छातीवर, मातीत; राहिलेलं पोटात. तहान भागायच्या आत ओतणाऱ्याचा हात भरून यायचा.

आणि हाच बुधाजी फौजेत गेला, तर साहेबापासून स्वयंपाक्यापर्यंत सगळे त्याच्याच मगानं पाणी प्यायले. त्याचा कप्तान लेस्टर नावाचा होता, चिडका, शिवराळ. पण एक नेम त्यानं कधी मोडला नाही. पाण्याची गाडी आली की आधी शिपाई, मग हवालदार, आणि सगळ्यांच्या शेवटी कप्तान. एकदा डबा गळका निघाला आणि कप्तानाच्या पाळीला मग रिकामा राहिला. कप्तानानं आत डोकावून बघितलं, आईवरून एक शिवी दिली आणि चालू लागला. बुधाजी म्हणायचा, मले सेनापती म्हंजे काय ते त्या दिवशी समजलं.

छप्पन साली तो बायकोला, मनकर्णेला घेऊन नागपूरला गेला आणि बौद्ध होऊन परतला. आल्या दिवशी त्यानं मोहल्ल्यात सांगून टाकलं, आजपासून वरून ओतलेलं पाणी कोणी घ्यायचं नाही. नदीच्या कोरड्या पात्रात जागा बघून त्यानं झिरा खणला, वाळूत हातभर खोल, आणि गोड पाणी काढलं. सगळ्या मोहल्ल्याची तहान त्या झिऱ्यानं भागवली. हा झाला बुधाजी.

तर व्याख्यान रंगात आलं होतं. वकीलसाहेब अडगावच्या लढाईवर आले. हिवरखेडच्या अलीकडचं अडगाव, अठराशे तीन साल, तिथं वेलस्ली नावाच्या इंग्रज सेनापतीनं भोसल्यांची फौज कशी मोडली, हे ते सांगू लागले. भर उन्हात चालून आलेली फौज, पण सेनापतीची काय ती छाती, काय तो आवेश! तेव्हा मागून बुधाजीचा आवाज आला.

"वकीलसाहेब, त्या दिवशी त्यायची फौज पानी कुठचं पेली?"

मैदान हसलं. वकीलसाहेबही हसले. "अहो नाईक, लढाया शौर्यावर जिंकतात. पाण्यावर नाही."

बुधाजीला ते लागलं. चार वर्षं ज्याच्यासाठी हाडाची काडं केली, ते एका वाक्यात निकालात काढलं गेलं होतं.

व्याख्यान संपल्यावर कोणीतरी वकीलसाहेबांच्या कानात सांगितलं की हा माणूस खरोखरचा फौजी आहे, याच्याकडे आफ्रिकेची मेडलं आहेत. लगेच बोलावणं आलं. साठ स्वयंसेवकांची मोहीम दर्यापूरहून पायी निघणार होती, अकोटवरून थेट अडगावच्या रणभूमीपर्यंत. बुधाजीनं मेडलं लावून सगळ्यांच्या पुढं चालायचं होतं.

"येतो," बुधाजी म्हणाला. "पन पान्याचं काम मले द्या. वाटंनं सारं खारं हाय. झिऱ्याचं पानी मी भरून आनतो."

वकीलसाहेबांनी त्याला खांद्याला धरून बाजूला घेतलं. चारचौघांतला 'अहो नाईक' तिथंच राहिला. "हे बघ बुधाजी, मी स्वतः असलं काही मानत नाही. पण सगळ्या घरची पोरं आहेत, लोकांची मनं सांभाळावी लागतात. तू पुढं चाल, तोच तुझा मान. आणि नकाशात बघितलंय मी, दर दोन मैलांवर विहीर आहे."

नकाशात! विहिरीतलं पाणी कसं लागतं, ते नकाशात लिहिलेलं असतं का हो? दर्यापूरच्या दोघातिघांनी त्यांना सांगून बघितलं, तर म्हणे गावोगाव स्वागत होईल, लोक घागरी घेऊन उभे राहतील. मे महिन्यात खारपाणपट्ट्यातली बाई आपल्या घरची गोड घागर साठ परक्या गड्यांना देईल, असं ज्याला वाटतं, त्यानं आयुष्यात एक घागर डोक्यावरून आणलेली नसते. आणि राग येतो तो वेगळाच. या माणसाची मेडलं चालत होती. ज्या पाण्यासाठी ती मिळाली, ते पाणी चालत नव्हतं. हा कुठला न्याय?

बुधाजी घरी आला तो धुमसतच. मनकर्णा चुलीपुढं होती. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मंग जाऊच नोका ना तुमी. मरू द्या तिकडं."

"साठ मानसं हायेत, मनकर्णे. मरू कसं देऊ?"

मग त्यानं जमिनीवर काडीनं रेघ ओढली. मोहीम पाचला निघायची ठरली होती. भाषणं आणि हार धरले तर साडेआठ. नवी माणसं, नवे बूट, म्हणजे तासाला दोन मैलांवर नाही. पहिल्या गावचं पाणी खारं, दुसऱ्या गावी दोनचार घागरी मिळतील. एक वाजता माणसं बसायला लागतील, ती वाटेतल्या नाल्याच्या अलीकडं. त्यानं तिथं रेघेवर बोट ठेवलं. शेजारच्या पुंजाजीकडं बैलांची बंडी होती. वीस डबे, वर ओलं गोणपाट, आणि नाल्याच्या वळणावर बारालाच सावलीला उभं राहायचं, असं ठरलं. देवराव वकिलांनी जे दोन तासांत सांगितलं नव्हतं, ते बुधाजीनं काडीनं सारवलेल्या भुईवर लिहून ठेवलं होतं.

आणि झालंही तसंच. निघायला पावणेनऊ झाले. पहिल्या गावी माणसांनी खारं पाणी तोंडात घेऊन थुंकलं, काहींनी तरीही पिऊन टाकलं आणि ते तासाभरात पोट धरून बसले. दुसऱ्या गावी तीन घागरी मिळाल्या, त्या पहिल्या पंधराजणांनीच संपवल्या. ऊन असं की काळ्या मातीच्या भेगांतून वाफ बुटात शिरत होती. गोवर्धन म्हणून कवायतीचे मास्तर होते, अंगानं धडधाकट, सकाळी तेच सगळ्यांत मोठ्यानं घोषणा देत होते. एकच्या सुमाराला ते उभ्या उभ्या खाली कोसळले. वकीलसाहेब डोक्यावर रुमाल टाकून बाभळीच्या खोडाला टेकले होते, आणि त्यांना एकही सेनापती आठवत नव्हता.

बुधाजीनं गोवर्धन मास्तरांना काखेत हात घालून उचललं. "त्या वळनापर्यंत चाला," तो सगळ्यांना म्हणाला. "तिथं पानी हाय."

वळणावर पुंजाजीची बंडी उभी होती. मनकर्णा डब्यांवर बसली होती. कोणी विचारलं नाही की पाणी कोणाचं. पण पहिला गडी बंडीपाशी आला आणि त्यानं काय करावं? वाकला आणि ओंजळ पुढं केली. मगाला ओठ लागू नयेत म्हणून. प्राण कंठाशी आलेले, आणि तेवढ्यातही त्याला हे आठवलं! बुधाजीनं त्या ओंजळीकडं बघितलं. लहानपणापासून ती त्यानं धरली होती, आज ती त्याच्यापुढं आली होती. त्याच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. पण तो बोलला ते फौजेतल्या नाइकासारखं.

"ओंजळीत अर्धं सांडते. साठ मानसं हायेत. मगानंच प्यायचं, नाईतर मांगं सरका."

गडी मगानं प्यायला. मग दुसरा, तिसरा. गोवर्धन मास्तरांच्या तोंडाला बुधाजीनं स्वतः मग लावला. मध्येच वकीलसाहेब पुढं आले, तर त्यानं मग मागं घेतला. "सेनापती शेवटी." वकीलसाहेब साठ माणसं होईपर्यंत उन्हात उभे राहिले आणि नंतर दोन मग डोळे मिटून, घटाघटा प्यायले. मिशा पुसत सगळ्यांसमोर म्हणाले, "बुधाजी, आज तू पलटण वाचवलीस."

खोटं कशाला बोलावं, बुधाजीला बरं वाटलं. इतकी वर्षं जे हवं होतं ते झालं, असंच त्याला वाटलं. पुढचे दोन दिवस पाणी त्यानंच पाजलं, अडगाव आलं, वकीलसाहेबांना सेनापती पुन्हा आठवले.

चार दिवसांनी अमरावतीच्या एका वर्तमानपत्रात मोहिमेची हकिकत छापून आली. मोहल्ल्यातल्या शिकलेल्या मुलीनं वाचून दाखवली. देवरावजींच्या दूरदृष्टीमुळे वाटेत पाण्याची चोख व्यवस्था होती, असं तिच्यात होतं. बुधाजीचं नाव होतं, नाही असं नाही. मेडलं लावून अग्रभागी चालणारे वृद्ध सैनिक म्हणून. पाण्याशी त्याचा काही संबंध आहे, हे कुठंच नव्हतं. मनकर्णा एवढंच म्हणाली, "पेले तवा मग दिसला, लिवताना दिसला नाई." बुधाजी त्या दिवशी जेवला नाही.

पंधरवड्यानं अमरावतीहून सत्काराचं पत्र आलं. मनकर्णेला वाटलं, हे आता जाणार नाहीत. पण बुधाजीनं पहाटे झिऱ्यावरून एक डबा भरून आणला, मेडलांच्या पिशवीत आपला मगही टाकला आणि तो मोटारीनं अमरावतीला गेला.

सभागृह भरलेलं होतं. डोक्यावर पंखे फिरत होते. मोहिमेतले साठच्या साठ जण घरच्या मंडळींसह आले होते. वकीलसाहेबांनी 'आमचे नाईकसाहेब' म्हणत हार घातला, टाळ्या झाल्या, आणि दोन शब्द बोला म्हणाले.

"दोन शब्द नाई, एकच काम हाय," बुधाजी म्हणाला. त्यानं डबा टेबलावर ठेवला, मगात पाणी ओतलं आणि तो वकीलसाहेबांपुढं धरला. "हे त्याच झिऱ्याचं पानी. त्या दिवशी तहान होती. आज पंखा हाय, सावली हाय, सारे लोक पाहून राह्यले. आज प्या, मंग हार मी घरी नेतो."

वकीलसाहेबांनी मगाकडं बघितलं, मग पुढच्या रांगेकडं, तिथं त्यांचे सासरे बसले होते. "अहो, आत्ताच चहा झाला," ते हसून म्हणाले.

बुधाजीनं हातातला मग खाली ठेवला नाही. तो सभेकडं वळला आणि मग धरून तसाच उभा राहिला. या मगाला ज्यांचे ओठ लागले होते, त्यांच्यावरून त्यानं एकेक करत नजर फिरवली. तिसऱ्या रांगेत गोवर्धन मास्तर अर्धे उठले. त्यांच्या वडिलांनी त्यांच्या सदऱ्याची बाही धरली. मास्तर खाली बसले.

मग बुधाजी ते पाणी स्वतः प्यायला, सावकाश, शेवटच्या थेंबापर्यंत. हार काढून खुर्चीच्या पाठीवर ठेवला, डबा उचलला आणि तो मधल्या वाटेनं बाहेर गेला.

संध्याकाळी तो घरी पोचला तेव्हा मनकर्णा ओट्यावर वाटच बघत होती. तिनं डबा हातात घेऊन हलवून बघितला. वर थोडं कमी होतं.

"कोन पेलं?"

"मी," बुधाजी म्हणाला. "सेनापती शेवटी पेते."