खरखरीआड

दादाने त्याच्या आवडत्या जुन्या रॉक अल्बमची नवी, स्वच्छ केलेली आवृत्ती काल मोठ्या स्पीकरवर लावली. त्यातली सगळी गाणी मिळून युद्धावर गेलेल्या एका पोराची गोष्ट सांगतात. लहानपणी बाबा पट्टा काढून आईवर धावले, की दादा आमच्या खोलीचं दार लावून हीच कॅसेट मोठ्याने लावायचा. आईचं ओरडणं माझ्या कानावर पडू नये म्हणून. तेव्हा ते संगीत म्हणजे मला नुसता गोंगाट वाटायचा.

काल त्यातला आवाज न् आवाज सुटा झाला. किंचाळण्याआधी गायक श्वास घेतो, तोही ऐकू आला. मग गाण्यात लढाई सुरू झाली आणि ड्रमचा एकेक ठोका कातडी सोलणाऱ्या फटक्यासारखा बसू लागला. नवी आवृत्ती करणाऱ्यांनी फक्त जुन्या ध्वनिमुद्रणातली खरखर काढली होती. पण तिच्याआड मी इतकी वर्षं लपून बसले होते. दादाने माझ्याकडे पाहिलं आणि झटकन बंद केलं.

मटार सोलणारी आई म्हणाली, "बंद का केलंस रे? भिंतीपलीकडून मला अर्धंच ऐकू यायचं. तो पोरगा शेवटी घरी येतो का, ते तरी कळू दे."