श्यामलाबाई आणि मुरगूडचं नर झाड

सूक्ष्मदर्शकातून बघून श्यामलाबाई म्हणाल्या, "हा पाइनच्या पानाचा छेद," आणि प्रयोगशाळेत कोणी काहीच बोललं नाही. एरवी ती मुलं गप्प बसणारी नव्हती. त्यांच्या गप्प बसण्यावरूनच बाईंना कळलं, की आपण चुकलो. मग अनुजा नावाची मुलगी पुढे आली, काचपट्टी काढून घेतली आणि म्हणाली, "सॉरी मॅडम, मीच चुकीची पट्टी लावलेली." पट्टी बरोबरच होती. ते सायकसचं पान होतं, आणि सायकसचं पान न ओळखणं म्हणजे श्यामलाबाईंच्या बाबतीत घरचं माणूस न ओळखण्यासारखं होतं.

श्यामला पाटगावकर कोल्हापुरातल्या एका महाविद्यालयात वनस्पतिशास्त्र शिकवायच्या. माहेर मंगळवार पेठेतलं, आवाज पेठेला शोभेल असा खणखणीत. चाळिशीच्या आसपास त्यांना संध्याकाळचं दिसेनासं झालं. मग नजर चहूबाजूंनी आक्रसत गेली, जणू कोणी रोज थोडा थोडा पडदा ओढत होतं. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, की ह्याला औषध नाही. दिसत होतं तोवर बाईंनी ते कोणाला फारसं जाणवू दिलं नाही. पण त्या दिवशी घरी आल्यावर त्या नवऱ्याला म्हणाल्या, "अभिराम, मी नोकरी सोडते."

अभिराम विमा कंपनीत होते, स्वभावानं शांत. ते म्हणाले, "कायद्यानं तुला कोणी काढू शकत नाही."

"काढण्याचा प्रश्नच नाही. वनस्पतिशास्त्र म्हणजे बघण्याचं शास्त्र. न बघता काय शिकवू?"

अभिराम एवढंच म्हणाले, "वर्ष पुरं कर. मुलांची परीक्षा होऊ दे."

ते वर्ष पुरं करतानाच ती गोष्ट घडली. बाईंना न्यायला अभिराम यायचे, आणि त्यांची वाट बघत बाई कॉलेजच्या बागेत एका कट्ट्यावर बसायच्या. कट्ट्यामागं सायकॅडच्या कुंड्या होत्या. सायकॅड म्हणजे सायकस आणि त्याचे भाऊबंद, ताडामाडासारखी दिसणारी, पण ताडामाडाशी काही नातं नसलेली झाडं. त्यांना फूल नाही, फळ नाही, बी उघडंच. ह्या कुळात जगभर साडेतीनशेहून जास्त जाती आहेत, आफ्रिकेत, मेक्सिकोत, ऑस्ट्रेलियात, आपल्या सह्याद्रीतसुद्धा. बाईंनी त्यातल्या मिळतील तेवढ्या गेल्या वीस वर्षांत गोळा केल्या होत्या. बसल्या बसल्या त्यांचा हात मागं गेला आणि एक पान बोटांत आलं. मधोमध एक शीर, कडा खाली वळलेल्या, टोक टोचणारं. लॉनमध्ये सगळीकडं लावतात तो जपानी सायकस. हात शेजारच्या कुंडीवर गेला. इथं मधली शीर नव्हतीच, बारीक बारीक रेघा समांतर गेलेल्या, पान पुठ्ठ्यासारखं जाड आणि खरखरीत. हा मेक्सिकोचा झामिया. तिसऱ्याला हात लावताच काटा बोटात गेला आणि बाई मोठ्यानं हसल्या. पानाच्या कडेला काटे काढणारा तो आफ्रिकेचा पाहुणा होता.

सायकॅडची घराणी ज्या खुणांवरून वेगळी करतात, त्यातल्या निम्म्या तरी खुणा बोटांना कळत होत्या. इतकी वर्षं डोळे होते म्हणून बोटांना कोणी विचारलं नव्हतं, एवढंच.

दुसऱ्या दिवशी त्यांनी वर्गाला रुमाल काढायला सांगितले. "डोळे बांधा. आज बघायचं नाही." मुलं खिदळली, हातकणंगल्याहून येणाऱ्या सम्राटनं काट्याला हात लावून बोंब ठोकली. पण तासाभरात ती पोरं पान हातात घेऊन "मॅडम, शीर हाय, सायकस!" असं ओरडायला लागली. बाईंनी त्या गोंधळात नोकरी सोडायचा विचार बाजूला टाकला, आणि पुन्हा तो कोणाजवळ काढला नाही.

पुढं नजर पार गेली. बाई पांढरी काठी घेऊन कॉलेजात यायला लागल्या. सूक्ष्मदर्शकाचं काम सहकारी बघायचे, बाकी सगळं बाई. ह्या झाडांना कोणी 'जिवंत जीवाश्म' म्हटलं की त्या चिडायच्या. "कूळ डायनासोरांच्या काळातलं, पण आजच्या जाती बऱ्याच नव्या आहेत. आजोबा म्हातारे म्हणून नातवाला म्हातारा म्हणाल का?"

अशात एका उन्हाळ्यात मुरगूडहून फोन आला. बोलणारा माणूस रानात हाक मारावी तसा बोलत होता. "सायकसच्या बाई तुमीच न्हवं? आमच्या जनावरांच्या डॉक्टरनं नंबर दिला. दारात एक झाड हाय, त्याचा पाला खाऊन माझं रेडकू गेलं. त्ये झाड तोडणार हाय मी. पर आई म्हनती, आदी कुनालातरी इचार."

"कधी तोडणार?"

"ह्या रविवारी."

"मी शनिवारी येते," बाई म्हणाल्या.

हंबीरराव ऊस आणि म्हशी सांभाळणारा गृहस्थ होता. दारात गाडी थांबली तसा तो सामोरा आला. काठी बघून अभिरामना म्हणाला, "पावणं, बाईस्नी दिसत न्हाय व्हय?"

"नाही दिसत," बाईंनीच उत्तर दिलं. "झाड कुठाय?"

झाडाखाली जायच्या आधीच वास आला. उग्र, गोडसर, डोक्यात जाणारा. हंबीररावाची आई धोंडुबाई ओसरीवरून म्हणाली, "चार दिस झालं बग पोरी, ह्यो वास. मी तर पदर नाकाला लावून बसतो." कोल्हापूरकडच्या जुन्या बायका 'बसतो'च म्हणतात. झाड तिनंच लावलं होतं, लग्न झाल्यावर दोन-तीन वर्षांनी, बेळगावाकडच्या भावाच्या रानातून आणून.

बाईंनी बुंध्याला हात लावला. जुन्या देठांचे खवले एकावर एक. छातीइतक्या उंचीवर खोडाला फाटा, आणि बुडाशी रेडकाच्या तोंडाला येतील अशी पिल्लं फुटलेली होती. त्यांनी पान मागितलं, चुरगाळलं नाही, फक्त दोन बोटांतून ओढलं. मधली शीर, कडा सपाट, टोक मऊ. हा सह्याद्रीतला आपला सायकस. आणि वास ऐन भरात. बाईंनी काठी अभिरामच्या हातात दिली.

"शिडी आहे का?"

"बाई, तुमी?" हंबीरराव म्हणाला.

"दिसत नाही, चढता येतं."

अभिरामनी शिडी धरली. ते नंतर सांगायचे, की आपण आयुष्यात इतके कधी घाबरलो नव्हतो. बाई एक एक पायरी चाचपत वर गेल्या, पानांच्या झुबक्यात हात घातला आणि थांबल्या. झुबक्याच्या मधोमध, फुलाच्या जागी येणारा हातभर लांबीचा शंकू उभा होता, आणि तो कोमट होता. आजारी पोराचं कपाळ लागावं तसा.

"हंबीरराव, वर या. ह्याला हात लावा."

दुसऱ्या बाजूनं तो बुंध्याला धरून चढला. हात लावला आणि झटकन मागं घेतला. "आयला! ह्येला ताप आलाय की!"

"ताप नाही. हे नर झाड आहे. शंकू पिकला की आतून तापतो, वास सोडतो, आणि त्या वासानं किडे येतात. पराग न्यायला."

खाली आल्यावर चहा झाला. बाईंनी खोटी समजूत घातली नाही. "रेडकू ह्याच झाडानं गेलं. कोवळा पाला, बी, सगळं विषारी. मागचे पाय ओढत होतं ना?"

"व्हय. तीन दिस वडत हुतं." हंबीररावाचा आवाज पहिल्यांदा खाली आला.

"चूक झाडाची नाही, तुमचीही नाही. जाळी मारा भोवती. पण तोडू नका."

"एका झाडानं काय हुतंय, बाई?"

बाईंनी कप खाली ठेवला. "आफ्रिकेत ह्यांच्यातली एक जात आहे. रानात तिचं एकच झाड सापडलं, तेही नर. मादी कोणाला सापडलीच नाही. आज जगात त्या जातीची जेवढी झाडं आहेत, ती सगळी त्याच्याच बुडाशी फुटलेल्या पिल्लांपासून वाढवलेली. सगळी नर, सगळी एकटी." मग म्हणाल्या, "आमच्या कॉलेजात तुमच्या झाडाच्याच जातीची मादी आहे. पन्नास वर्षांची. तिला नर मिळालेला नाही."

ओसरीवर धोंडुबाई हसायला लागली. "हंब्या, सोयरीक आलीया दारात, आन् तू कुऱ्हाड घिऊन बसलाईस!"

शंकू झटकून पिवळाजर्द पराग कागदात घेतला, डबीत भरला. घरी फ्रिजमध्ये कोथिंबिरीच्या शेजारी ती डबी राहिली आणि तिला कोणी हात लावायचा नाही असा मुलीला, अंतराला, सक्त हुकूम झाला. कट्ट्यामागची मादी अजून तयार नव्हती. बाई रोज कट्ट्यावर चढून तिच्या शेंड्यातली लोकरीसारखी मऊ पिसं चाचपायच्या. त्या पिसांच्या कडेलाच बिया धरतात. एका सकाळी ती पिसं सैल झालेली लागली. बाईंनी कान साफ करायच्या रबरी फुग्यात पराग भरला आणि पिसांच्या फटीफटीत फुंकला. आसपास उभी असलेली मुलं पानं बाजूला धरत होती.

बिया धरल्या, मोठ्या झाल्या, नारिंगी पडल्या. पण सायकसची बी फसवते. पराग न मिळताही ती फुगते, आत मात्र फोल. ह्या मादीनं आजवर अशाच फोल बिया दिल्या होत्या. त्यामुळं सहकाऱ्यांनी अभिनंदन केलं तरी बाई "बघू" एवढंच म्हणत. हिवाळ्यात बिया गळल्या, त्यांनी त्या वाळूत पेरल्या आणि कुंड्या कट्ट्याच्या सावलीत ठेवल्या. महिने गेले. वाळूला रोज हात लावायचा, ओल बघायची आणि हात झाडायचा. घरात अभिराम विचारेनासे झाले.

श्रावणात आठवडाभराच्या सुट्टीनंतर एका दुपारी तास संपवून बाई कुंड्यांपाशी गेल्या. तिसऱ्या कुंडीत बोटाला काहीतरी लागलं. काडी असेल म्हणून त्या उपटणार, तेवढ्यात थांबल्या. काडीला लव होती. वर सरकवत नेलेलं बोट टोकाशी आलं, तिथं पानं घड्याळाच्या स्प्रिंगसारखी गुंडाळलेली होती, एकेक, घट्ट. असं पान ह्या कुळात फक्त सायकस काढतो. बाई तिथंच मातीत बसल्या. रडत होत्या की हसत होत्या, हे लांबून बघणाऱ्या अनुजाला कळलं नाही. ती आता त्याच विभागात शिकवायला लागली होती. ती धावत आली.

"मॅडम, काय झालं?"

"मोज," बाई म्हणाल्या. "मला भीती वाटते. तू मोज."

अनुजानं मोजले. अकरा कुंड्यांत कोंब आले होते.

त्या संध्याकाळी बाईंनी मुरगूडला फोन लावला. हंबीररावानं ऐकून घेतलं आणि फोन आईच्या कानाला लावला. धोंडुबाईला ऐकू कमी यायचं, म्हणून श्यामलाबाई पेठेतल्या आवाजात ओरडल्या, "आई, अकरा नातवंडं झाली!"

पलीकडून म्हातारी म्हणाली, "त्यातली नर कंची, मादी कंची?"

"ते त्यांना शंकू आल्यावर कळणार. दहा-पंधरा वर्षं तरी लागतील."

"मग आत्ता वाढव," धोंडुबाई म्हणाली. "मी काय तवा असतो का? पर तू असशील की."

बाईंनी पुढच्या महिन्यात एक रोप मुरगूडला पोचवलं. बाकीची कॉलेजात आहेत. त्यांच्याजवळ डोळ्यांना रुमाल बांधलेली मुलं पान बोटांतून ओढत उभी असतात, आणि बाई कट्ट्यावरून ओरडत असतात, "घाई करू नका. पुन्हा लावा हात."