दलदलीचं राज्य कुणाच्या नावावर

प्रोस्कोव्हिया नाइगागा माझ्या शेजारच्या गाळ्यात आली, तेव्हा तिला संगणकावरचा एकही खेळ येत नव्हता. एकवीस वर्षं ती एका शाळेच्या ग्रंथालयात कारकून होती. मग शाळेने त्या खोलीत मुलींच्या खाटा टाकल्या, पुस्तकं खोक्यांत भरली आणि हिला घरी बसवलं. त्याच महिन्यात तिचा धाकटा भाऊ बालिकोवा आखातात रखवालदाराच्या नोकरीवर निघाला. जिंजा शहरातला त्याचा गेम हॉल म्हणजे सहा संगणक आणि छताला एक करकरणारा पंखा. त्याच्या किल्ल्या त्याने हिच्या हातात ठेवल्या.

"ताई, तू फक्त उघडायचं आणि बंद करायचं. बाकी येणाऱ्यांना सगळं माहीत असतं."

येणाऱ्यांना फक्त एवढंच माहीत होतं, की काही अडलं की ओरडायचं. मी इथला फुंडी, म्हणजे शिंपी. माझ्या शिवणकामाच्या दुकानात आणि त्या हॉलमध्ये एक फळकुटांची भिंत आहे. तिकडचा प्रत्येक शब्द माझ्या शिलाई मशीनपर्यंत पोचतो, त्यामुळे ही सगळी हकीकत मी बसल्या जागेवरून ऐकलेली आहे.

त्या हॉलचा जीव एकाच खेळात होता. त्याचं नाव 'तीन किनारे'. राज्य वसवायचं, सैन्य उभारायचं, तह करायचे, मोडायचे. खेळाचे भाग वर्षा-दोन वर्षांच्या अंतराने आले. पहिल्यात दलदलीची राज्यं, दुसऱ्यात वाळवंटातली. तिसरा, बर्फाळ मुलुखाचा, प्रोस्कोव्हियाबाई आल्या त्याच वर्षी निघाला. एकेक भाग सुटा खेळता यायचा, पण ज्याच्याकडे तिन्ही असतील त्याला सगळे मुलूख जोडलेला एक अखंड नकाशा खुला व्हायचा. सगळ्यांना हवा होता तो नकाशा. सहापैकी एकच संगणक, चार नंबरचा, तो ओढू शकत होता.

लोकांनी बाईंच्या मागे लकडा लावला. भावाच्या खात्याला हात लावणं त्यांना बरं वाटेना, म्हणून त्यांनी स्वतःच्या नावाने नवं खातं उघडलं आणि तिसरा भाग घेतला. उतरवून घ्यायला तीन दिवस लागले. चौथ्या दिवशी बोडा, म्हणजे भाड्याची मोटारसायकल, चालवणारा वाइस्वा हेल्मेट काखेत धरून चार नंबरवर बसला, अन् पडद्यावर पाटी आली : भाग पहिला, मालकी नाही. भाग दुसरा, मालकी नाही.

"न्याबो, तुम्ही पोपट केलात आमचा!" वाइस्वा म्हणाला. बाईमाणसाला इकडे आदराने न्याबो म्हणतात.

"अरे पण दोन्ही भाग या यंत्रात आहेत की! हे बघ, हा पहिला, हा दुसरा."

"यंत्रात आहेत, पण बालिकोवाच्या नावाचे. तिसरा तुमच्या नावाचा. तिन्ही एका नावावर पाहिजेत."

बाईंनी भावाला फोन लावला. तो हसला. एका घरातल्या माणसांना एकमेकांचे खेळ वापरू द्यायची सोय असते, ती त्याने तिकडून चालू केली आणि नकाशा उघडला. हॉलमध्ये अशी आरोळी उठली की माझ्या हातातून सुई पडली.

महिन्याभराने दुसरंच दुखणं निघालं. तिसऱ्या भागाला नवी भर आली आणि चार नंबरमध्ये जागा उरली नाही. काय काढायचं यावर हॉलमध्ये खडाजंगी. सगळ्यांचं एकच म्हणणं, की पहिला किंवा दुसरा काढला तर नकाशा गेलाच.

बाई शांतपणे म्हणाल्या, "मला एक सांगा. ते दोन भाग लागतात म्हणजे नेमके कुठे लागतात? कपाटात लागतात की रजिस्टरात?"

कुणाला प्रश्नच कळला नाही.

"पुस्तक ग्रंथालयाच्या मालकीचं आहे, हे रजिस्टर सांगतं. पुस्तक कपाटात आहे की नाही, ही वेगळी गोष्ट. हा नकाशा कपाट उघडून बघतो, की नुसतं रजिस्टर?"

"न्याबो, हा खेळ आहे, शाळा नाही," मागून कुणीतरी म्हणालं.

त्यांनी वाद घातला नाही. सगळ्यांच्या देखत पहिला भाग यंत्रातून काढला. नकाशा उघडला. दुसरा काढला. तरी उघडला. जोडलेल्या नकाशाचा सगळा माल तिसऱ्या भागातच भरलेला होता. आधीच्या दोघांची फक्त मालकी तपासली जायची. चार नंबर निम्मा रिकामा झाला.

त्यानंतर बाईंनी ग्रंथालयासारखी कार्डं केली. प्रत्येक खेळाला एक. डाव्या बाजूला 'कुणाच्या नावावर', उजव्या बाजूला 'कुठे मांडलेला'. लोक चेष्टा करायचे. "न्याबो, माझ्या बायकोचंही एक कार्ड करा. नावावर माझ्या आहे, पण मांडलेली सदा माहेरी!" बाई हसायच्या आणि पुढचं कार्ड लिहायच्या.

चार नंबरवर मंगळवारी आणि शुक्रवारी सकाळी जाजा किरुंडा, म्हणजे किरुंडा आजोबा, बसायचे. वय सत्तरीच्या पुढे. सगळा जन्म सरोवरातल्या आगबोटीवर गेला, शेवटची अकरा वर्षं कप्तान म्हणून. इस्त्रीचा पांढरा शर्ट, खिशात भाजलेल्या शेंगदाण्यांची पुडी. जोडलेल्या नकाशावर त्यांनी पहिल्या भागातलं दलदलीचं राज्य घेतलं होतं, कारण लव्हाळ्यातून वाट कशी काढायची हे त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. तरणी पोरं दिवसाला तीन लढाया खेळत. जाजा एका सकाळी एक तह करत आणि समाधानाने घरी जात. अशी पावणेतीन वर्षं त्यांनी एकच डाव चालवला. एका गावाचं राज्य एकोणतीस गावांचं झालं.

"जाजा, कधी जिंकणार?" वाइस्वा विचारायचा.

"जिंकून जाऊ कुठे? घरी म्हातारी आहे."

मग एका शुक्रवारी जाजा येऊन बसले, चष्मा पुसला, आणि पडद्यावर तीच जुनी पाटी. भाग पहिला, मालकी नाही. भाग दुसरा, मालकी नाही. खाली त्यांचा जतन केलेला डाव दिसत होता, पण करड्या रंगात. बोट लावलं तरी उघडेना.

बाईंनी तीनदा यंत्र बंद-चालू केलं. मग कार्ड काढलं. त्यावर त्यांच्याच अक्षरात लिहिलेलं होतं : नाव बालिकोवाचं, आपल्याला वापरायला दिलेला. नंतर मला म्हणाल्या, "फुंडी, लिहिलं होतं मी. लिहिलं आणि वाचलं नाही."

भावाला फोन लागला. त्याने तिकडे स्वतःसाठी लॅपटॉप घेतला होता, खातं तिकडच्या देशात नेलं होतं. एका घराची सोय एकाच देशात चालते, असा नियम होता. घर दोन देशांत वाटलं गेलं, सोय तुटली.

"मग तुझं खातं परत इकडे आण," बाई म्हणाल्या.

"ताई, दिवसाचे बारा तास मी एका दरवाजासमोर उभा असतो. खोलीवर आल्यावर तेवढाच एक विरंगुळा आहे मला. तोही काढून घेतेस?"

"माझ्याकडे चौऱ्याहत्तर वर्षांचं माणूस बसलंय, त्याचं राज्य अडकलंय."

"राज्य! ताई, खेळ आहे तो. आणि हॉल माझा आहे, हे विसरू नकोस. तुला उघड-बंद करायला सांगितलं होतं."

बाईंनी फोन ठेवला. मी चहा घेऊन गेलो तर त्या म्हणाल्या, "बरोबर बोलला तो. हॉल त्याचा, खेळ त्याचे. साडेतीन वर्षं मी इथे काय करतेय, फुंडी? मी पण वापरायला दिलेलीच का?"

मी म्हणालो, "चहा थंड होतोय."

बातमी जवळच्या इगांगा गावापर्यंत पोचली असावी, कारण मंगळवारी तिथला मुगोया आला. त्याचाही हॉल आहे. माणूस दिलदार, पण त्याच्या हॉलमधली एकही गोष्ट विकत घेतलेली नाही. त्याने खिशातून एक छोटी डिस्क काढून टेबलावर ठेवली.

"घे बाई. यात तिन्ही किनारे आहेत. ना नाव विचारत, ना गाव. दहा मिनिटांत मांडून देतो."

"जाजांचा जुना डाव उघडेल यात?"

मुगोयाने मान खाजवली. "जुना नाही उघडायचा. माझी प्रत थोडी मागची आहे. नवा सुरू करायचा."

जाजा तिथेच होते. खेळ बंद असला तरी सवयीने यायचे आणि शेंगदाणे खात बसायचे. म्हणाले, "पोरा, नवं राज्य वसवायला मला आणखी तीन वर्षं तू देतोस का?"

"जाजा, माझ्या हातात असतं तर दहा दिली असती."

"असो. डिस्क परत खिशात घाल. विनापरवाना बोट कधी चालवली नाही मी. आता या वयात पकडला गेलो तर म्हातारी जेवायला द्यायची नाही."

मुगोया हसत हसत गेला. जाताना माझ्याकडून कॉलर बदलून घेतली.

बाईंनी दोन दिवस विचार केला. नियम परत परत वाचले. कंपनीला पत्र लिहिलं. उत्तर नम्र होतं आणि तेच होतं, की एका खात्याची मालकी दुसऱ्याकडे देता येत नाही. मग गुरुवारी सकाळी दार उघडल्या उघडल्या त्यांनी पहिला आणि दुसरा भाग स्वतःच्या खात्यावर विकत घेतले.

भावाला त्यांनीच कळवलं. तो चिडला. "जे भाग तू कधी यंत्रात मांडणारसुद्धा नाहीस, ते विकत घेतलेस? वेडी आहेस का?"

"मांडायला नाही घेतले. माझे असायला घेतले."

"आणि उद्या मी परत आलो तर?"

"तर ये. बाहेर बसशील का?"

शुक्रवारी जाजा आले तेव्हा बाईंनी त्यांना लगेच बसू दिलं नाही. आधी जतन केलेल्या डावाची एक नक्कल काढून पाच नंबरवर ठेवली. फाटायला आलेलं पुस्तक कुणाला द्यायच्या आधी त्या असंच काहीतरी करत असणार. दुसऱ्याच्या मालकीखाली झालेला डाव आपल्या मालकीखाली उघडतो की नाही, हे खात्रीने कुणालाच माहीत नव्हतं. वाइस्वा गिऱ्हाईक सोडून आला होता. मीही मशीन थांबवून दारात उभा.

बाईंनी बोट लावलं. पडदा काळा झाला आणि काळाच राहिला. जाजा पुटपुटत होते, बहुधा प्रार्थना. मग लव्हाळी दिसली, पाणी दिसलं, आणि नकाशावर एकोणतीस निशाणं एकेक करून उगवली.

कुणीच आरोळी ठोकली नाही. जाजांनी निशाणं मोजली. पुन्हा मोजली. "एकोणतीस," ते म्हणाले. "न्याबो, धान्याचं कोठारही आहे तसंच आहे." मग त्यांनी पुडी काढली आणि प्रत्येकाच्या हातावर मोजके शेंगदाणे ठेवले, जणू बोट सुखरूप धक्क्याला लागली होती.

राज्य पुढे टिकलं नाही हेही सांगायला हवं. सात आठवड्यांनी वाळवंटातल्या दोन राजांनी तह मोडला आणि बर्फातला तिसरा त्यांना सामील झाला. जाजा पाच आठवडे लढले. शेवटच्या गावाचं निशाण उतरलं तेव्हा हॉलमधल्या पोरांनी आपापले खेळ थांबवले होते. बाईंना वाटलं, म्हातारा आता खचणार.

"काय माज होता त्या बर्फवाल्याचा," जाजा म्हणाले. "पण चाल चांगली केली. खाडीतून आला. मी असतो तर मीही खाडीतूनच आलो असतो." मग चष्मा पुसला. "न्याबो, त्या दुसऱ्या भागात वाळवंट आहे ना? तिथे एखादी नदी असलेलं राज्य मिळेल का?"

"मिळेल. तो भागही आपलाच आहे."

पुढच्या मंगळवारी त्यांनी नदीकाठी पहिलं गाव वसवलं. वर्षाअखेर ते गेले तेव्हा त्यांची सहा गावं झाली होती. त्यांच्या म्हातारीने हॉलमध्ये येऊन विचारलं, "तो इथे बसून जिथे जायचा तो देश कुठला, मला दाखव." बाईंनी तिला चार नंबरवर बसवून सगळी नदी दाखवली, उगमापासून समुद्रापर्यंत. तो डाव त्यांनी अजून पुसलेला नाही.

बालिकोवा दोन पावसाळ्यांनी परतला. पहिल्या दिवशी भाऊ-बहीण माझ्याच दुकानात बसून बोलले, कारण हॉलमध्ये खुर्ची रिकामी नव्हती. त्याने गाळ्याचा कागद काढला. बाईंनी खात्यांची यादी काढली. कागद त्याच्या नावावर, खेळ हिच्या नावावर. एकाशिवाय दुसऱ्याचा उपयोग नाही, हे दोघांनाही दिसत होतं. आवाज चढले, उतरले, मधे कुणाच्या तरी लहानपणच्या एका कोंबडीचा विषय निघाला आणि दोघं हसायला लागले. ठरलं ते असं, की समोरच्या पायरीवर त्याने फोनदुरुस्तीचं टेबल टाकायचं आणि आतलं बाईंनी बघायचं.

मग तो हळूच म्हणाला, "ताई, चार नंबर थोडा वेळ मिळेल का?"

"गुरुवारी दुपारी. वाइस्वाच्या नंतर."

"माझ्याच हॉलमध्ये नंबर लावू?"

"लाव."

तो गुरुवारी वेळेआधी आला आणि माझ्याकडे बसून राहिला. नुसतं कशाला बसायचं, म्हणून मी पँटचं माप घेतलं. आखातात कंबर दोन इंचांनी वाढली होती. तसं सांगितलं तर म्हणाला, "तुझी टेपच जुनी झालीय, फुंडी. आटली असेल."