पडद्यावरचा इमानी गडी

माझे थोरले काका सिनेमात काम करायचे, असं सांगितलं की लोकांचे डोळे मोठे होतात. म्हणून पुढचं वाक्य मी लगेच उरकून टाकते: ते गड्याचं काम करायचे. खांद्यावर पंचा, कमरेत वाक, "मालक, जेवण गार होतंय" एवढं बोलून आत जायचं. कृष्णधवल सिनेमाच्या जमान्यात वीसेक वर्षं त्यांनी हेच केलं. धोतर-बंडी स्वतःची असली की काम लवकर मिळतं, हे त्यांचं अभिनयकलेविषयीचं एकमेव चिंतन. बढती मिळाली ती एवढीच, की पुढे पुढे त्यांना रडायला देऊ लागले. मालकाचं घर बुडालं की रडायचं, मालकाच्या मुलीची पाठवणी असली की दाराआडून रडायचं. रडण्यात आपला हात धरणारा कोणी नाही, असं ते स्वतःच सांगत.

काकी पोलादपूरच्या वरच्या अंगाला, आमच्या गावात राहायची. लग्नानंतर दोन वर्षांनी काका मुंबईला गेले ते गेलेच. मागे तान्ही मुलगी होती. ती तीन वर्षांची झाली आणि तापाने गेली. निरोप धाडला, तर शूटिंग आहे असं उत्तर आलं. त्यानंतर काकीने कधी निरोप धाडला नाही. नाचणी-वरी पिकवली, एक गाय ठेवली, आणि जगली.

मग सिनेमा रंगीत झाला. नव्या बंगल्यांमध्ये फ्रीज आले, म्हातारे गडी गेले, काकांचं काम आटलं. नेमके त्याच सुमाराला त्यांचे जुने सिनेमे पोलादपूरला तंबूत लागू लागले. अख्खं गाव डोंगर उतरून बघायला जायचं आणि हमसून हमसून रडून परत यायचं. मी तेव्हा महाडला शाळेत शिकवत होते. एका सुट्टीत मीही गेले. पडद्यावर मुलीची पाठवणी चालली होती आणि काका पंचाने डोळे पुसत होते. शेजारची बाई नाक ओढत मला म्हणाली, "काय गो देवमानूस हाय तुजा काका!" मला तिथेच उठून ओरडावंसं वाटलं. ओरडले नाही, याचा अजून राग येतो.

पुढच्या शिमग्याला हा देवमाणूस ट्रंक घेऊन गावात उतरला, कायमचा. काकीने दार लावून घेतलं. मग गावकी बसली, सहाणेवर, म्हणजे देवाची पालखी टेकवतात त्या दगडी ओट्यापाशी. तिथले शहाणे काय बोलले ते मी माझ्या कानांनी ऐकलं. "परक्याच्या पोरीसाटी येवडा रडनारा मानूस, तो घरच्यांना टाकंल काय? बाईचंच कायतरी चुकलं आसंल." पडद्यावरचं रडणं त्यांनी चक्क साक्ष म्हणून धरलं. त्या तीन वर्षांच्या पोरीला माती द्यायला यांच्यातलेच चौघे गेले होते, पण ते एकालाही आठवलं नाही. माणसं इतकी निर्बुद्ध असू शकतात यावर तोवर माझा विश्वास नव्हता. निकाल असा, की काकीने नवऱ्याला घरात घ्यावं. नाहीतर घर वाळीत. लावणीला कोणी येणार नाही, पालखी दारात थांबणार नाही.

काकी उभी राहिली. पदर नीट केला.

"ठेवते," ती म्हणाली. "पन नवरा म्हनून नाय. गडी म्हनून. ओटीवर राहील, काम करील, खाईल. त्येच काम त्याला येतंय, तुमी सगळ्यांनी बगितलंय."

लोक खो खो हसले. काका तर खूशच झाले. समोर एवढी माणसं बसलेली, ते कसले सोडतात! कमरेत वाकून, हात जोडून "जी, मालकीणबाई" म्हणाले, आणि टाळ्या पडल्या. गावाला मंजूर? मंजूर. देवापुढे नारळ फुटला.

काकीला थट्टा येत नाही, हे कोणाच्या ध्यानात आलं नाही. काका सहा वर्षं ओटीवर झोपले. उंबऱ्याच्या आत पाऊल नाही. ताट बाहेर यायचं, घासायचं त्यांनीच. बरं, गडी म्हणून तरी धड निघावेत? गवताचा भारा बांधला तर अर्ध्या वाटेत सुटायचा. गाय त्यांना जवळ येऊ देत नसे. वीस वर्षं गडी होता आणि माणसाला साधी धार काढता येत नव्हती! शेजारच्या कुडपण गावाकडून कोणी बघायला आलं की मात्र पंचा चटकन खांद्यावर जायचा.

एकदा मी विचारलं, "काका, हवं तेव्हा रडू कसं यायचं हो?"

ते विडी ओढत होते. "पोरीची आठवण काढायची," ते म्हणाले. "लगेच पानी. मला ग्लिसरीन कधी लागलं नाय."

हे त्यांनी अभिमानाने सांगितलं. इतकी किळस मला आयुष्यात दुसऱ्या कोणाची आलेली नाही. आत काकी भाकऱ्या थापत होती. थापण्याचा आवाज थांबला, आणि थोड्या वेळाने पुन्हा सुरू झाला.

काका गेले ते चैत्रात, भर दुपारी, ओटीवरच. पुरुष अंगणात तिरडी बांधायला लागले. बायका आत शिरल्या. घरात माणूस गेला की चूल पेटवत नाहीत, पण काकीची चूल पेटलेली होती आणि ती तव्यावरची भाकरी उलटत होती. बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. रिवाजाप्रमाणे एक म्हातारी बांगड्या फोडायला तिच्याजवळ बसली आणि तिचा हात धरला. काकीने तो सोडवून घेतला.

"गडी मेला म्हनून मालकीन बांगड्या फोडते काय गो?"