जेवायला बोलावलं होतं

‘बूट बाहेरच राहू द्या. कपाट आतल्या खोलीत आहे.’

दार उघडल्यावर साहेबांचं हे पहिलं वाक्य. दोहात, अल सद्द भागातल्या त्यांच्या फ्लॅटच्या दारात मी उभा. अंगात इस्त्रीचा शर्ट, हातात मिठाईचा पुडा. मला शुक्रवारी दुपारी जेवायला बोलावलं होतं. निदान मी तसं समजलो होतो.

पुडा कुठे ठेवावा कळेना. चपलांच्या स्टँडवर ठेवला.

साहेब पुण्याचे, गॅस कंपनीत मोठ्या हुद्द्यावर. मी ज्या क्लबात नोकरीला आहे तिथल्या जिममध्ये यायचे. मला आईशी फोनवर बोलताना ऐकलं आणि म्हणाले, ‘अरे वा, मराठी पैलवान! या की घरी. पुरणपोळी खाऊ घालतो.’

मी आयुष्यात कुस्ती खेळलेलो नाही. शाळेपासून गोळाफेक. पण त्यांना दुरुस्त केलं नाही. मी राहतो दोहाबाहेर, उम्म सलाल मोहम्मद नावाच्या गावात; खोलीत सोबतीला एक नेपाळी, एक केनियन. भले लोक. पण चार महिने आईच्या फोनशिवाय मराठी शब्द कानावर पडला नव्हता. म्हटलं, पैलवान तर पैलवान. कुणी हाक तरी मारतंय.

कपाट तीन दारांचं, आरशाचं. आतल्या खोलीतून हॉलमध्ये आणायचं होतं. सोफ्यावर तीन पाहुणे. कुणी उठलं नाही. ‘यल्ला, चला पैलवान, उचला!’ साहेब म्हणाले. सगळे हसले. मीही हसलो. त्या हसण्याची मला आजही लाज वाटते.

घाम पुसत होतो तेव्हा साहेबांच्या आईंनी विचारलं, ‘आडनाव काय हो तुमचं?’

सांगितलं.

‘असं होय,’ म्हणाल्या आणि स्वयंपाकघरात गेल्या.

टेबलावर सगळ्यांना स्टीलची ताटं आली. माझी कागदी प्लेट बाल्कनीत, वॉशिंग मशीनवर. ‘तिथे मोकळं बसता येईल तुम्हाला,’ साहेबांच्या पत्नी, वहिनी, म्हणाल्या. बाहेर मे महिन्याची झळ. बसायला काही नाही. आत एसी, आणि टेबलाशी एक खुर्ची रिकामी.

मी प्लेट हातात घेऊन उभा राहिलो. एकशे एकतीस किलोचा माणूस. गावात वरच्या आळीतलं कुणी समोरून आलं की बाप पायवाट सोडून काट्यात उतरायचा. माझा दंड धरून मलाही उतरवायचा. ते अंगात मुरलेलं.

मी अमेरिकन फुटबॉलमधला लाइनमन आहे. भारतात त्याची पगारी लीग निघाली तेव्हा अंगाकडे बघून मला घेतलं. दोन हंगाम खेळलो. लीग बुडाली. मग आमच्या कोचने मला दोहातल्या या क्लबात चिकटवलं. दिवसा जिम सांभाळायची, संध्याकाळी सराव. लाइनमनने समोरून येणाऱ्याला अडवायचं, मागच्या खेळाडूला वाचवायचं. चेंडू त्याच्या हाती कधी येत नाही. माइकवर त्याचा नंबर पुकारतात तो फक्त त्याची चूक झाली की.

कोच म्हातारा अमेरिकन, स्वतः बारा वर्षं लाइनमन. गुडघे गेलेले, बोटं वाकडी. पहिल्या दिवशी समोरचा गडी धावत आला आणि मी चटकन बाजूला झालो. वर त्याला सॉरी म्हणालो. कोच बघतच राहिला. ‘एवढा मोठा माणूस. वाट का देतोस?’ मी काय सांगणार? बापाचं, काट्याचं? वर्ष गेलं ते अंगातून काढायला. रोज मार खाल्ला. शेवटी पाय रोवायला शिकलो.

मैदानावर शिकलो. आणि इथे आपल्या भाषेतल्या चार माणसांसमोर पुन्हा काट्यात उतरलो होतो.

प्लेट घेऊन आत आलो. रिकामी खुर्ची ओढली.

‘अहो पैलवान, मोडेल ती!’ साहेब हसले.

‘मी पैलवान नाही,’ म्हटलं, आणि माझं नाव सांगितलं. आडनावासकट, मोठ्याने. ‘मला जेवायला बोलावलंय तुम्ही. ताट द्या.’

‘तुम्ही उगाच मनाला लावून घेताय. गैरसमज झालाय.’

‘मग ताट द्या.’

कुणी हललं नाही. साहेबांच्या आई स्वतःचं ताट घेऊन आत निघून गेल्या. मी कागदी प्लेटमध्येच जेवलो. टेबलावर, सावकाश. दोन पुरणपोळ्या. आमटी मागून घेतली, तीही वहिनींनी लांबूनच सरकवली. बाकीचे आपापल्या ताटात बघत जेवत राहिले. खोलीत एकट्याने खाल्लेला भात त्या जेवणापेक्षा कमी एकटा होता. रडू येत होतं. उठलो नाही. प्लेट संपली तेव्हाच उठलो.

साहेबांनीच मला मराठी मंडळींच्या व्हॉट्सॲप ग्रुपमध्ये घेतलं होतं; संध्याकाळी तिथून माझा नंबर काढला. खलास. साहेब आता दुसऱ्या जिमला जातात.

परवा इथल्या मराठी मंडळातल्या एकाचा फोन आला. समुद्रकाठी, समैस्मा गावात एका दिवसासाठी व्हिला घेतलाय, सगळे जमणार आहेत, स्टेज लावायचंय, जेवण आहेच. मी विचारलं, ‘तुमच्यासोबत पंगतीत बसायचंय की नुसतं स्टेज उचलायचंय?’ तो म्हणाला, ‘बघतो, सांगतो.’ अजून सांगितलेलं नाही.

हा प्रश्न मी प्रत्येकाला विचारणार. मराठी ऐकायला जीव तुटतो, तरी आधी हाच प्रश्न. उत्तर नाही आलं तर घरी भात टाकीन. आणि पुढचा फोन आला की त्यालाही विचारीन.