न पाहता लिहिले

तापमानकाकांनी एकतीस वर्षांत एकही आकडा न पाहता लिहिला नव्हता. इस्पितळाच्या तळघरात लशींची थंड खोली होती, तिच्या दारावर तबकडी आणि तबकडीत काटा. दिवसातून चारदा जिना उतरायचा, काटा बघायचा, वर येऊन वहीत आकडा लिहायचा. काटा दोन ते आठ अंशांच्या बाहेर गेला की लशी बाद. बाद लस दिसायला चांगल्या लशीसारखीच असते, म्हणून तर काकांना नोकरी होती.

सद्गुणालाही गुडघे असतात, हे त्यांना अठ्ठावन्नाव्या वर्षी कळलं. एका दुपारी त्यांनी खुर्चीत बसूनच ४.२ लिहून टाकलं. मग चैन पडेना, म्हणून उतरले. काटा ४.२ वर.

"मग खोटं कुठे झालं?" बायको चहा गाळता गाळता म्हणाली. "बरोबरच तर आलं."

"बरोबर आलं गं. मी बरोबर केलं नाही."

"अहो, तुमचं आपलं काहीतरीच. गुडघ्याला तेल लावा आणि गप्प पडा."

दुसऱ्या दिवशी त्यांनी मुद्दाम आधी ५.१ लिहिलं. काटा ५.१. तिसऱ्या दिवशी खोडी काढावी म्हणून ३.७. काटा ३.७, जरासुद्धा न थरथरता.

काका विचारी माणूस, इथेच घात झाला. न बघता बरोबरच येणार असेल, तर ते बघायला गुडघे झिजवणं हा शहाणपणा की हट्ट? उत्तर फार सुसंगत आलं. महिन्याभरात ते आठवड्यातून एकदाच उतरू लागले, पुढे तेही सुटलं. तपासणीला आलेल्या साहेबांनी वहीची तारीफ केली.

अकराव्या महिन्यात एका सकाळी लस टोचणारी नर्स पेटी घेऊन वर आली.

"काका, त्या खोलीतून बाहेर पडलं की माझ्या चष्म्यावर वाफ धरते. आज धरली नाही."

काका उतरले. काटा ४.४ वर होता. सकाळी त्यांनी ४.४ च लिहिलं होतं. दार उघडून त्यांनी एक कुपी हातात घेतली. नुकतंच कुणी उठून गेलेल्या उशीसारखी ती कोमट होती.

औषधभांडाराच्या प्रमुख बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं. "काका, वही ४.४ म्हणते, काटा ४.४ म्हणतो. चष्म्यावरून आणि हाताला लागलेल्या उबेवरून मी सगळ्या लशी फेकू? उद्या दोनशे मुलं येतायत."

"म्हणूनच म्हणतो, बाई. वही मी न बघता लिहिलीय."

"एकोणीस दिवसांनी निवृत्त होताय. सुखाने जा की."

काका टेबलाशी येऊन बसले. नर्सला त्यांनी तबकडीसमोर उभं राहायला सांगितलं. मग त्या पहिल्या दुपारच्या ओळीपासून, शेऱ्याच्या रकान्यात, एकेका ओळीपुढे ते लिहीत गेले: न पाहता लिहिले.

पहिलं पान उलटलं तेव्हा जिन्यातून नर्सचा आवाज आला. "काका, काटा हललाय. पाच."

त्यांनी मान वर केली नाही.

"सात... काका, नऊ."

संध्याकाळ होईतो शेवटची ओळ आली. आजचीच, ४.४ ची. तिच्यापुढेही त्यांनी तेच लिहिलं.

"तेवीस," नर्स म्हणाली. "आता थांबलाय."

काका गुडघा धरून उठले, जिना उतरले, काटा स्वतः बघितला आणि वर येऊन खालच्या ओळीत आकडा लिहिला. प्रमुख बाई दारात उभ्या होत्या.

"कधीपासून?" त्यांनी विचारलं. "किती मुलांना परत बोलवायचं?"

काकांनी वही त्यांच्याकडे सरकवली. अक्षर सगळीकडे सुरेख होतं.