खालच्या ओळीतला फोटो

सुमनमावशी गेल्याचं मला बॅनरवरून कळलं. इथं कोइमतूरला कारखान्यातल्या जेवणाच्या सुट्टीत मोबाइल उघडला, तर गल्लीतल्या कुणीतरी फोटो टाकलेला... 'भावपूर्ण श्रद्धांजली'. माणूस पहाटे झटक्यानं गेलं, दुपारी बॅनर तयार! मावशीचा चेहरा बांगडीएवढा अन् वस्तीतल्या गुंड दादाचा परातीएवढा, गॉगल लावून. खाली 'शोकाकुल' पोरांची रांग. महिना होत आला, डोकं अजून तडकतंय. जन्मभर ज्या बॅनरांना शिव्या घातल्या, त्यांच्यावरच बसवली तिला.

हर्सूलकडच्या आमच्या वस्तीत असंच चालतं. दादाच्या वाढदिवसाच्या बॅनरवर 'शुभेच्छुक' म्हणून फोटो लागला की पोरगं दादाचं झालं. मग मारामाऱ्या, मग 'बटन', म्हणजे नशेच्या गोळ्या. आठवीत शाळा सोडून मी रिकामाच फिरत होतो. खालच्या ओळीत माझा फोटो लागला तेव्हा लई भारी वाटलं. मावशी शेजारीच राहायची, ब्लाउज शिवायची. भरदुपारी कात्री घेऊन आली, स्टुलावर चढली अन् सगळ्यांदेखत माझं तोंड कापून घेतलं.

"मावशी, इज्जत घालवली ना!"

"व्हय का, इज्जतदार? मग तीच इज्जत घेऊन जा जेलात!"

त्याच आठवड्यात मारामारी झाली. पोलिसांनी बॅनर बघून एकेकाला उचललं. माझ्या जागी भोक होतं. मावशीनं भाच्याच्या ओळखीनं मला इकडं धाडलं. आज हाताला काम आहे ते तिच्यामुळं. तरी दारावर थाप पडली की अजून आधी खिडकीतून बघतो, पोलीस तर नाय ना.

पण तिचा स्वतःचा पोरगा विक्की वरच्या ओळीत होता, दादाशेजारी. तिथवर तिचा हात पोचला नाय. अहो, शिडी आणायची! मी खालीच उभा होतो, मला सांगायचं! विक्की जेलातून सुटला तो बटनाची सवय घेऊनच.

मावशी मला रोज संध्याकाळी व्हिडिओ कॉल लावायची. कसा आहेस, काय आहेस, काही नाय. थेट "डोळे दाखव". मी पापणी ओढून दाखवायचो, बटन घेतलं नाय म्हणून. "हां, जेव आता." लई वैताग यायचा, बाकीचे कामगार हसायचे. आता मी विक्कीला लावतो.

"डोळे दाखव."

"तू काय माझी आई हाय का?"

काल त्यानं मोबाइल तसाच शिलाई मशीनवर टाकला. नुसता छताचा पंखा दिसत राहिला. तो उचलेना, पण बंदही करेना. शेवटी मीच ओरडलो, "विक्या, जेव तरी आता!"

एक शिवी आली. मग भांड्याचा आवाज... वाढून घेतलं का आपटलं, कुणास ठाऊक.